लायडारवर उठलेलं जोतं आणि खड्ड्यातलं खापर : माया घरं मोजायची कशी?

खापरखुणा (धागाकर्ता)

'जंगलाखाली हरवलेलं माया शहर सापडलं' ही बातमी दर एक-दोन वर्षांनी फिरून येते. २०१८ साली उत्तर ग्वाटेमालातल्या पेतेनची आली : २,१४४ चौरस किमीचं लायडार (विमानातून लेझर सोडून केलेली जमिनीच्या उंचीची मोजणी), ६१,४८० बांधकामं. २०२४ साली मेक्सिकोच्या काम्पेचे राज्यातल्या वालेरियानाची आली. ते शहर ज्या सर्वेक्षणात दिसलं त्यात १२२ चौरस किमीत ६,७६४ बांधकामं होती. गंमत म्हणजे हे दुसरं उड्डाण पुरातत्त्वासाठी नव्हतंच. २०१३ साली जंगलातला कार्बन मोजायला ते केलं होतं. डेटा खुला पडून होता, तो ल्यूक ऑल्ड-थॉमस यांनी पुरातत्त्वाच्या नजरेनं उघडला.

आकडे खरे आहेत. पण पुढचं वाक्य 'इथे अमुक लाख लोक राहत होते' असं असतं, आणि घोळ तिथे सुरू होतो. लायडार उंची मोजतं. जोतं कधी बांधलं, किती पिढ्या वापरलं, कधी ओस पडलं, यातलं काही त्याला कळत नाही. ते खड्डाच सांगतो. म्हणून नकाशावरच्या उंचवट्यापासून तारखेपर्यंतचं काम इथे क्रमानं मांडतो. चुकलं तर सांगा.

पेतेनच्या सर्वेक्षणात दर चौरस मीटरला सुमारे १५ लेझर स्पंदनं सोडली होती. दाट जंगलात त्यातली मोजकीच जमिनीवर पोचून परततात, बाकीची पानाफांद्यांवरून. संगणक जमिनीचे बिंदू वेगळे काढतो, त्यांची अर्धा किंवा एक मीटर चौकटीची उंची-जाळी करतो आणि तिच्यावर कृत्रिम उजेड टाकून छायाचित्र बनवतो. नेहमीची मांडणी म्हणजे वायव्येकडून (३१५ अंश) आणि ४५ अंश उंचीवरून उजेड. इथे पहिली चूक होते. उजेडाच्या दिशेला समांतर असलेली भिंत किंवा बांध सावली टाकत नाही, म्हणजे दिसतच नाही. एकाच चित्रावर खुणा करत बसणाऱ्याच्या हातून वायव्य-आग्नेय रेषेतले रस्ते निसटतात. म्हणून निदान आठ दिशांची चित्रं, शिवाय प्रत्येक बिंदूवरून किती आकाश उघडं दिसतं यावर बेतलेलं चित्र, असं एकावर एक ठेवून पाहायचं. आणि खुणा दोघांनी स्वतंत्रपणे करायच्या. जिथे दोघांचं जुळत नाही ती ठिकाणं पायी तपासायच्या यादीत सर्वांत वर.

माणसाचं काम नसलेले उंचवटेही भरपूर. उन्मळलेल्या झाडाच्या मुळांचा ढीग, चुनखडकाचा नैसर्गिक उठाव, अलीकडच्या शेतकऱ्यानं मक्याच्या शेतातून वेचून रचलेले धोंडे. पानं कापणाऱ्या मुंग्यांचं जुनं वारूळही बऱ्यापैकी जोत्यासारखं दिसतं.

उत्तरायण

चांगला धागा. एक भर : सर्वांत वाईट जागा म्हणजे जुनं मोठं जंगल नव्हे, तर दहा-पंधरा वर्षांपूर्वी तोडून सोडून दिलेलं शेत. तिथे कमरेएवढी झुडपं आणि नेचे इतके दाट माजतात की लेझर जमिनीला शिवतच नाही. संगणक झुडपांच्या माथ्यालाच जमीन समजतो, चित्र गुळगुळीत येतं आणि माणूस म्हणतो 'इथे वस्ती नव्हती'. नकाशावर रिकामी जागा दिसली की आधी तिथे जमिनीचे बिंदू दर चौरस मीटरला किती आहेत ते तपासायचं. एकाहून कमी असतील तर ती जागा 'रिकामी' नाही, 'न मोजलेली' आहे. अहवालात हे दोन रंग वेगळे हवेत.

आणि ३० सेंमीहून बुटकी जोती एक मीटरच्या जाळीत विरून जातात.

खापरखुणा

@उत्तरायण, बरोबर, ते राहिलंच होतं. आता जमिनीवर येऊ.

पेतेनमध्ये खणायचा हंगाम साधारण फेब्रुवारी ते मे. मेअखेर पाऊस सुरू झाला की 'बाहो' म्हणजे सखल दलदली भरतात आणि गाडी जात नाही. जीपीएस घेऊन उंचवट्यापर्यंत कोयत्यानं पायवाट काढतात, तिला तिथे 'ब्रेचा' म्हणतात. वाट काढताना 'चेचेम' हे झाड ओळखणारा स्थानिक माणूस पुढे हवा. त्याचा काळा चीक अंगाला लागला तर भाजल्यासारखे फोड येतात, आणि पावसात त्याच्याखाली उभं राहिलं तरी पुरतं.

माया घर म्हणजे बहुधा एकटं घर नसतं. एका अंगणाभोवती दोन-तीन-चार जोती, आपल्या चौसोपी वाड्याचे सोपे सुटे करून ठेवावेत तशी. जोतं दगडाचं, वरच्या भिंती कुडाच्या आणि छप्पर शाकारलेलं. म्हणून आज उरतं ते जोतंच. खड्डा कुठे घ्यायचा याची सवय अशी :

एक अंगणाच्या मधोमध. इथे कोब्यावर कोबा चढवलेला असतो, बांधकामाचे टप्पे मोजता येतात. एक पूर्वेकडच्या जोत्याच्या मध्यअक्षावर, समोरच्या बाजूनं. तिकाल आणि काराकोल या दोन्ही माया शहरांत पूर्वेची इमारत बऱ्याचदा घराण्याच्या पूर्वजांची असते, दफनं तिथे सापडतात. आणि एक जोत्यांच्या मागे, उकिरड्यात. उकिरडा हुडकायला आधी हातानं फिरवायच्या मातीच्या गिरमिटानं दोन-दोन मीटरवर भोकं पाडतात. ज्या भोकातून काळी माती, खापरं आणि कोळसा येतो तिथे खड्डा.

घाईत असलेले लोक फक्त अंगणात खणतात, कारण माती मऊ आणि जागा सपाट. मग सगळ्या तारखा बांधकामाच्या येतात, वापराच्या एकही नाही. वापराची तारीख उकिरडा देतो.

जोत्यावरचा_दगड

खड्ड्याची मापं मी टाकतो, हा माझा आवडता विषय.

१ × १ मीटरचा खड्डा स्वस्त, पण सव्वा मीटर खोलीनंतर आत बसून कोपर हलत नाही आणि भिंतीचा कट (थरांचा उभा छेद) नीट काढता येत नाही. पेतेनात भराव दोन मीटरच्या पुढे सहज जातो, म्हणून १ × २, आणि मोठ्या अंगणात २ × २. चारही कोपऱ्यांना खिळे, दोरी ताणलेली, कर्ण मोजून काटकोन तपासलेला (१ × २ चा कर्ण २.२३६ मी.). उंची मोजायचा आधारबिंदू खड्ड्याच्या बाहेर, शक्यतो झाडाच्या बुंध्यात ठोकलेला खिळा. खड्ड्याच्या कोपऱ्यावरच आधारबिंदू घेतला तर तिसऱ्या दिवशी कोणीतरी त्यावर पाय देतो आणि सगळ्या खोल्या चार सेंमीनं सरकतात.

खणायचं ते थराप्रमाणे. एकच थर २० सेंमीहून जाड निघाला तर २० सेंमीचे कप्पे पाडायचे. माती ६ मिमी जाळीतून चाळायची. कोब्यावरचा पातळ थर, उकिरडा आणि दफन यांना ३ मिमी. प्रत्येक कप्प्याचा स्वतंत्र क्रमांक, पिशवीत एक चिठ्ठी आणि बाहेर बांधलेली दुसरी. आतली चिठ्ठी दमटपणानं कुजते, बाहेरची वाटेत तुटते. दोन्ही एकदम जात नाहीत.

वरून खाली काय येतं : १०–२० सेंमी काळी कुजट माती, मग कोसळलेल्या भिंतीचे दगड, मग कोबा, कोब्याखाली मुठीएवढ्या खड्यांचा थर, त्याखाली मोठ्या धोंड्यांचा भराव, मग पुन्हा जुना कोबा. सगळ्यात खाली घर बांधण्याआधीची जुनी काळी चिकणमाती आणि मग चुनखडक. बरेचदा वरचा चुना पावसानं पूर्ण झिजून गेलेला असतो, उरते ती फक्त खड्यांची एक आडवी रांग. खणताना ती कळत नाही, भिंत साफ केल्यावर कटात दिसते. म्हणून रोज संध्याकाळी चारही भिंती करणीनं तासून पाहायच्या.

आणि खडक लागला असं लगेच म्हणायचं नाही. 'सास्काब' नावाची पांढरी भुसभुशीत चुन्याची माती मायांनी भराव म्हणून ठोकून बसवली आहे, आणि ती हुबेहूब तळाच्या खडकासारखी दिसते. लोखंडी पहार ३०–४० सेंमी ठोकून पाहायची. पोकळ आवाज आला किंवा पहार एकदम सुटली तर खाली अजून इतिहास आहे.

मुळाक्षर

+१. शिवाय लुटारूंनी पाडलेले चर वाया घालवू नयेत. लूट झाली ती झाली, पण त्या चराची भिंत म्हणजे फुकटचा कट. १० सेंमी मागे तासून ताजी करायची, १:२० प्रमाणात कागदावर काढायची, कोब्यांचे नमुने आणि कोळसा जागेवरून घ्यायचा. दोन दिवसांत जी माहिती मिळते ती मिळवायला एरवी तीन आठवडे लागले असते. मात्र चराच्या तळाशी पडलेली खापरं कुठल्याही थराच्या नावावर लावायची नाहीत. ती फक्त 'लुटारूंचा ढिगारा'.

वाटसरू_नागपूर

सगळं वाचतोय, मस्त चाललंय. एक बाळबोध प्रश्न. भरावात खापरं सापडली तर त्यांचीच तारीख जोत्याची, ना?

खापरखुणा

वाटसरू, बाळबोध नाही, सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न आहे. उत्तर : नाही.

भराव म्हणजे जवळपास जे हाताला लागलं ते. बहुतेक वेळा आजोबा-पणजोबांचा उकिरडाच उचलून आत टाकलेला. एका भरावात इ.स.पूर्व ३०० ची दोनशे खापरं आणि इ.स. ६०० ची तीन असतील तर ते जोतं ६०० नंतरचं. बहुमताला इथे किंमत नाही, सर्वांत नव्या खापराला आहे. पण हे नवं खापर अखंड कोब्याच्या खालून आलेलं हवं. कोबा फुटलेला असेल, मूळ किंवा उंदराचं बीळ आत गेलेलं असेल तर ते वरून घसरलेलं असू शकतं. म्हणून कोबा फोडण्याआधी त्याचा फोटो, आणि 'अखंड / तडा / नाहीसा' अशी नोंद. ही एक नोंद राहिली तर खालचं सगळं संशयित.

खापरांची ढोबळ ओळख अशी. वाशाक्तुनच्या उत्खननातून बसवलेली चार नावं अजून चालतात : मामोम, चिकानेल, त्साकोल, तेपेऊ. चिकानेल (इ.स.पूर्व सुमारे ३०० ते इ.स. २५०) म्हणजे बोटाला मेणचट लागणारा लेप, त्यातला 'सिएरा लाल' हा प्रकार ढिगानं मिळतो. त्साकोल (सुमारे २५०–५५०) चकचकीत आणि बहुरंगी, वाडग्याच्या बुडाशी बाहेर आलेली कड, तीन पायांची दंडगोल भांडी. तेपेऊ (सुमारे ५५०–९००) म्हणजे चित्रांच्या आणि अक्षरांच्या पट्ट्यांची भांडी, तिपाई थाळ्या.

कागदावर सोपं. प्रत्यक्षात दमट मातीत लेप उडून गेलेला असतो, आणि पिशवीतल्या निम्म्याहून जास्त तुकड्यांवर रंगच नसतो. मग काठाचा आकार आणि आतली माती बघायची. चुनखडीची भुकटी मिसळली आहे की ज्वालामुखीची राख? हायड्रोक्लोरिक आम्लाच्या पातळ द्रावणाचा थेंब ताज्या मोडावर टाकला की चुनखडी फसफसते.

जोत्यावरचा_दगड

धुण्याबद्दल लिहायला हवं. मऊ ब्रश, साधं पाणी, सावलीत वाळवण. ताठ ब्रश मेणचट लेप सरळ ओरबाडतो. क्रमांक घालण्याआधी पॅरालॉइड बी-७२ या पारदर्शक राळेचा पातळ थर, त्यावर शाई, वर पुन्हा थर. काठावर किंवा मोडावर क्रमांक लिहू नये, जोडताना अडतो.

आणि ज्या भांड्याच्या आतल्या अवशेषांची तपासणी करायची आहे ते अजिबात धुवायचं नाही. रिओ आसुल या माया शहरातल्या एका थडग्यात १९८४ साली झाकण फिरवून बसवायचं एक भांडं मिळालं. आतला थर तपासला तर त्यात कोकोची द्रव्यं निघाली. ते घासून धुतलं असतं तर सुंदर भांडं उरलं असतं आणि बाकी काही नाही.

मयूरपंख७७

धागा छान आहे पण मूळ मुद्दा कोणी बोलत नाही. माया म्हणजे मयासुराचेच लोक ना? मयसभा, पिरॅमिड, शून्य, सगळं जुळतं.

मुळाक्षर

नाही, मयूरपंख. 'माया' हे युकातानातलं स्थानिक नाव, उत्तरकाळातल्या मायापान शहराच्या नावातही ते आहे. सगळ्या प्रदेशाला ते बाहेरच्यांनी लावलं. जुने लोक स्वतःला आपापल्या शहराचे म्हणत. पिरॅमिड म्हणाल तर ते एकाच जागी एकावर एक चढत गेलेलं बांधकाम आहे, आतले सगळे टप्पे बोगद्यांतून दिसलेले आहेत. बाहेरून आणून ठेवलेलं त्यात काही नाही. आणि हे लोक संपलेलेही नाहीत. आजही तीसेक माया भाषा बोलल्या जातात, उत्खननाच्या मजुरांपासून संशोधकांपर्यंत सगळीकडे त्या बोलणारे आहेत.

हा विषय इथेच थांबवूया, वेगळा धागा काढा हवं तर.

अहर्गण

जुळवायचंच असेल तर मी एक जुळवून देतो, योगायोग म्हणूनच.

माया दीर्घगणना म्हणजे आपल्या पंचांगवाल्यांचं अहर्गणच : ठरलेल्या दिवसापासून उलटलेले दिवस. आपलं कलियुगाचं अहर्गण इ.स.पूर्व ३१०२ च्या १८ फेब्रुवारीपासून, मायांचं इ.स.पूर्व ३११४ च्या ११ ऑगस्टपासून (ही दुसरी तारीख ग्रेगोरियन पद्धतीनं मागे नेलेली). ज्युलियन दिनांकात (खगोलवाल्यांची दिवसांची सलग मोजणी) पहिला ५८८४६६, दुसरा ५८४२८३. फरक ४,१८३ दिवस, साडेअकरा वर्षांच्या आत. दोघांचाही आरंभ नंतरच्या गणितज्ञांनी मागे मोजून ठरवलेला आहे, त्या दिवशी कोणी दगडावर काही कोरलेलं नाही.

रीत : १ किन = १ दिवस. २० किन = १ विनाल. १८ विनाल = १ तुन (३६० दिवस). २० तुन = १ कातुन (७,२००). २० कातुन = १ बाकतुन (१,४४,०००). विनालच्या जागी २० नाही, १८. नवशिके इथेच चुकतात.

पालेंकेच्या पाकाल राजाच्या मृत्यूची तारीख घ्या : ९.१२.११.५.१८.
९ × १,४४,००० = १२,९६,०००
१२ × ७,२०० = ८६,४००
११ × ३६० = ३,९६०
५ × २० = १००
आणि १८.
बेरीज १३,८६,४७८. त्यात ५८४२८३ मिळवले की १९,७०,७६१. हा ज्युलियन दिनांक म्हणजे इ.स. ६८३ चा २६ ऑगस्ट जुन्या पद्धतीनं, २९ ऑगस्ट ग्रेगोरियननं.

पडताळा घ्यायचाच. लेखात दीर्घगणनेसोबत दोन चक्रं असतात : १ ते १३ अंक आणि २० दिवसनावं यांचं एक, ३६५ दिवसांचं (२० दिवसांच्या महिन्यांचं) दुसरं. आरंभाचा दिवस ४ आहाव ८ कुमकु. १३,८६,४७८ ला १३ नं भागून बाकी २, म्हणून ४ + २ = ६. २० नं भागून बाकी १८, आहावपासून अठरावं नाव एत्सनाब. ३६५ च्या चक्रात ८ कुमकु हा ३४८ वा. ३४८ + १३,८६,४७८ ला ३६५ नं भागून बाकी १९१, म्हणजे नऊ महिने उलटून ११ याश. उत्तर : ६ एत्सनाब ११ याश. शिलालेखात हेच आहे. झिजलेल्या लेखात एखादा अंक गेलेला असला तर ही दोन चक्रंच तो परत मिळवून देतात, ३ आणि ८ यांच्यातली पाचाची रेघ दिसत नसतानाही.

पुस्तकात २८ किंवा ३१ ऑगस्ट दिसला तर गोंधळू नका, त्यांनी ५८४२८५ धरलेला असतो. दोन दिवसांचा हा वाद जुना आहे. दीर्घगणना आपल्या कॅलेंडरशी जोडणाऱ्या ५८४२८३ च्या जुळणीला गुडमन-मार्टिनेझ-थॉम्पसन म्हणतात. इंग्रजी आद्याक्षरं पाहून ग्रीनिचची वेळ समजणारे प्रत्येक धाग्यात एक तरी निघतात.

वाटसरू_नागपूर

मग २०१२ ला जग बुडणार होतं ते?

अहर्गण

१३ बाकतुन पुरे झाले, १८,७२,००० दिवस, बस्स. पालेंकेच्याच लेखात पाकालच्या राज्यारोहणाचा वाढदिवस इ.स. ४७७२ सालापर्यंत मोजून ठेवलाय. जग बुडणार असं वाटणारा माणूस एवढं पुढचं कोरत नाही.

चिकूवाडी

डहाणूकडच्या लोकांसाठी : त्या दीर्घगणनेची जुळणी ज्या लाकडावर तपासली ते चिकूचं.

तिकालच्या देवळांत दाराच्या वरच्या तुळया चिकूच्या झाडाच्या, म्हणजे तिथल्या 'सापोते'च्या आहेत. लाकूड इतकं घट्ट की बाराशे वर्षांहून जास्त दमट हवेत टिकलं. २०१३ साली देऊळ क्र. १ च्या कोरीव तुळईचे नमुने तपासले. त्या तुळईवर तिकालच्या राजानं ६९५ साली कालाकमुलवर मिळवलेल्या विजयाचा लेख आहे. आता अडचण अशी की उष्ण प्रदेशातल्या झाडाला वर्षाची वलयं स्पष्ट नसतात. म्हणून लाकडातल्या कॅल्शियमच्या चढउतारावरून वाढीची वर्षं मोजली, आतून बाहेर ओळीनं अनेक कार्बन-तारखा काढल्या आणि तो सगळा क्रम प्रमाण-वक्राच्या (कार्बनच्या मोजमापावरून खरं साल काढायचा आलेख) नागमोडी रेषेवर बसवला. जुळणी गुडमन-मार्टिनेझ-थॉम्पसनच्या बाजूनं आली.

याचा उलटा धडाही आहे. तुळईच्या गाभ्यातला कोळसा तारखेला पाठवला तर झाड तोडण्याच्या शंभर-दीडशे वर्षं आधीचं साल येतं. घराच्या तारखेसाठी एका वर्षात वाढून संपणारं काहीतरी हवं : मक्याचा दाणा, कणसाचं बुरकूड, बी, बारीक काटकी. चिमट्यानं उचलायचं, ॲल्युमिनियमच्या कागदात, बोट लावायचं नाही, कागदी चिठ्ठी आत टाकायची नाही.

(याच झाडाच्या चिकापासून च्युइंग गम व्हायचा. चीक गोळा करणाऱ्या 'चिक्लेरों'च्या पायवाटांवरच कित्येक शहरं आधी सापडली.)

उत्तरायण

कार्बनवर एक सावधगिरी. इ.स.पूर्व ८०० ते ४०० या काळात प्रमाण-वक्र जवळजवळ सपाट आहे. त्यातला कुठलाही नमुना पाठवा, उत्तर 'या चारशे वर्षांत कधीतरी' असं येतं. मामोम काळातल्या सुरुवातीच्या वस्त्या नेमक्या इथे अडकतात. एका तारखेचा इथे काही उपयोग नाही. एकाच खड्ड्यातले थरांच्या क्रमानं चार-पाच नमुने घेऊन, 'खालचा आधीचा' ही अट घालून, एकत्र गणित करावं लागतं.

मेक्सिकोच्या ताबास्को राज्यातलं आग्वादा फेनिक्स याच्या जरा आधीचं आहे, इ.स.पूर्व १०००–८००, म्हणून ते सुटलं. १,४०० मीटर लांब, सुमारे ४०० मीटर रुंद आणि १०–१५ मीटर उंच ओटा. एवढा मोठा की जमिनीवरून टेकडीच वाटायची, लायडारनं त्याची चौकट दाखवली. त्याच सुमारास इकडे घोडनदीकाठी इनामगावची वस्ती चालू होती, हे उगीच आपलं.

मुळाक्षर

लेखांचा विषय अहर्गणांनी काढलाच आहे तर अक्षरांबद्दल. मराठी वाचणाऱ्याला माया लेखन इंग्रजी वाचणाऱ्यापेक्षा लवकर कळतं असं माझं ठाम मत आहे.

आपण 'घर' लिहितो त्यात शेवटी 'र' पूर्ण असतो, पण म्हणतो 'घर्'. माया लेखनिक हेच करतो. कोकोच्या भांड्यावर का-का-वा अशी तीन अक्षरं, वाचायचं 'काकाव'. शेवटचा स्वर मुका. १९५२ साली लेनिनग्राडमधल्या युरी क्नोरोझोव्हनं हे पकडलं. टर्कीच्या चित्राशेजारी कु-चु, वाचन 'कुच्' (हा च 'चमचा'तला, 'चहा'तला नव्हे). कुत्र्याच्या शेजारी चु-लु, वाचन 'चुल्', च तोच. फरक एवढाच की आपला मुका स्वर नेहमी 'अ', त्यांचा बहुधा आधीच्या अक्षरातल्या स्वराचा प्रतिध्वनी. जिथे प्रतिध्वनी नसतो तिथे आधीचा स्वर लांबवायचा की कसा, यावर अजून भांडणं आहेत.

वाचनाचा क्रम : दोन-दोन स्तंभांच्या जोडीत, डावं-उजवं, डावं-उजवं करत खाली.

नोंद घेताना कोरीव रेषांत खडू भरू नये. जुन्या फोटोंत भरलेला दिसतो, आणि खडू भरणाऱ्याला जे वाटलं तेच मग वाचलं गेलं. रात्री एका बाजूनं तिरपा दिवा धरून, दिवा चारही बाजूंना फिरवत फोटो. शिवाय त्रिमितीसाठी शेजारच्या फोटोंत ७०–८० टक्के भाग सामाईक. शेवाळ तारेच्या ब्रशनं कधीच काढायचं नाही, चुनखडकाचा वरचा अर्धा मिलिमीटर म्हणजेच अक्षर.

खापरखुणा

आता मूळ प्रश्नाकडे. समजा लायडारवर १,००० जोती दिसली. (खालचे आकडे उदाहरणादाखल, खरी टक्केवारी प्रत्येक जागी खड्ड्यांवरून काढायची.)

त्यातली २० टक्के घरं नव्हेत : देव्हारे, स्वयंपाकाची खोपटं, कोठारं. उरली ८००. चाचणी खड्ड्यांत त्यांपैकी ८० टक्क्यांत तेपेऊ काळाची खापरं : ६४०. पण तेपेऊ म्हणजे साडेतीनशे वर्षं, सगळी घरं एकाच वेळी भरलेली नसतात. ७५ टक्के धरा : ४८०. आता जोतं नसलेली, सरळ जमिनीवर कुडाची, लायडारला न दिसणारी घरं मिळवायची, १० टक्के : ५२८. प्रत्येकी चार माणसं धरली तर सुमारे २,१००.

हेच तीन गुणक ९०-९०-९० टक्के धरले, न दिसणारी २० टक्के आणि माणसं पाच, तर ४,४०० च्या जवळ. त्याच हजार उंचवट्यांतून दुपटीहून जास्त फरक, आणि कोणी खोटं बोललेलं नाही. २०१८ च्या अभ्यासात मध्य माया सखल प्रदेशासाठी ७० लाख ते १ कोटी १० लाख असा पट्टा दिला होता, तो इतका रुंद का ते इथे कळतं. बातमीत फक्त वरचं टोक छापून येतं.

सगळ्यात लबाड गुणक कोणता? तिसरा, एकाच वेळी भरलेली घरं. न दिसणारी घरं निदान मोकळ्या जागेत पट्टे खणून शोधता येतात. पण साडेतीनशे वर्षांच्या काळात एखादं घर चाळीस वर्षं ओस होतं हे खापरांवरून कळत नाही, दोन कोब्यांमध्ये साचलेल्या मातीवरून कधीकधी कळतं.

उत्तरायण

म्हणूनच खड्डे मोठ्या, देखण्या अंगणांत न घेता चिठ्ठ्या टाकून निवडावेत. मोठी घरं जास्त काळ वापरात असतात. फक्त तीच खणली की 'सगळी भरलेली' असं उत्तर ठरलेलंच.

वाटसरू_नागपूर

मुळाक्षर यांनी बोगद्यांचा उल्लेख केला, ते कुठे?

मुळाक्षर

प्रसिद्ध उदाहरण होंडुरासमधल्या कोपानचं. तिथे राजांनी जुनी देवळं पाडून त्यांच्यावर नवी चढवली. पण रिकार्दो आगुर्सिया यांना १९८९ साली आत 'रोसालिला' अख्खं मिळालं, गिलाव्यातले मुखवटे रंगासकट. ते पाडलं नव्हतं, चुन्यानं पांढरं करून जपून पुरलं होतं. वरचं देऊळ न उतरवता आतलं पाहायचं तर बोगदाच.

कोपानचा भराव धोंडे आणि ओल्या चिखलाचा, घट्ट बसलेला, त्यामुळे कमानीसारखं छत कापता येतं. पेतेनात बरेच ठिकाणी भराव कोरड्या सुट्या धोंड्यांचा असतो, तो एक दगड काढला की घमेल्यानं नाही, ट्रकनं येतो. तिथे आधार दिल्याशिवाय एक मीटरही पुढे जायचं नाही. शिवाय बोगदा उघडा राहिला की हवा खेळते, गिलावा वाळतो-भिजतो-वाळतो, आतले क्षार पृष्ठभागावर येऊन रंगासकट पापुद्रे सुटतात. काम झालं की भरून टाकणं हेच जतन.

जोत्यावरचा_दगड

खड्ड्यांचंही तेच. कोबा किंवा भिंत उघडी पडली असेल तर आधी चाळलेल्या मातीचा १०–१५ सेंमी मऊ थर, मग दगड, मग बाकीची माती. प्लास्टिकचा कागद नको, त्याखाली पाणी अडतं आणि चुना विरघळतो. पाणी झिरपू देणारं कापड चालतं. माती खचते, म्हणून जमिनीपेक्षा थोडी उंच भरायची, नाहीतर पहिल्या पावसात डबकं.

आणि भरण्याआधी तळाशी त्या वर्षाचं एक नाणं.

वाटसरू_नागपूर

नाणं? पूजा वगैरे का?

जोत्यावरचा_दगड

नाही हो. पन्नास वर्षांनी कोणी तिथेच खणलं तर त्याला कळावं की इथपर्यंतची माती आधीच उलटवलेली आहे. सर्वांत नव्या खापराचा नियम, स्वतःलाच लावलेला.